होडीत माणसं किती?

दहावीत सरांनी फळ्यावर गणित घातलं. होडीतल्या माणसांनी साठ सुरमया सारख्या वाटून घेतल्या. एक माणूस कमी असता, तर प्रत्येकाला दोन जास्त मिळाल्या असत्या. होडीत माणसं किती?

सर घाटावरचे, नवीन. माझे बाबा महिन्यापूर्वीच होडीवरून पडून बुडाले, हे त्यांना ठाऊक नव्हतं. वर्गाला होतं. सगळे माझ्याकडे बघायला लागले, तशी मी चिडून सर्वांआधी गणित सोडवलं. एका छेदात क्ष, दुसऱ्यात क्ष वजा एक. उत्तर सहा. बाबांच्या होडीवरही बाबा धरून सहाच होते.

"ताळा करून बघ," सर म्हणाले. सहा जणांत दहा, पाच जणांत बारा. जुळला.

शाळा सुटल्यावर टोपली घेऊन मी देवबागच्या किनाऱ्यावर गेले. बाबांच्या बाराव्याला त्या होडीचे प्रमुख, तांडेल, आईला सर्वांदेखत म्हणाले होते, "तेचो वाटो तुमच्या घराक येतलो."

होडी लागली. तांडेलांनी वाळूवर मासळीचे पाच वाटे घातले. मग मला बघून म्हणाले, "आज मासळी कमी गावली गो बाय."

मी वाटे बघितले. बाबा असताना आमच्या टोपलीत यायचा, त्याहून प्रत्येक वाटा मोठा होता.