मांडववाल्याची सतरंजी
लग्नात मांडववाल्याची सतरंजी उलगडली, की तिच्या आंबट वासानं मी आजही नाक दाबून लांब जाऊन बसतो. सेलूला माझी पुतणी दहावीला होती तेव्हाची गोष्ट. प्रत्येक पेपरच्या आधी ती भीतीनं भडाभडा ओकायची, आणि आता गणिताचा पेपर उद्यावर आला होता. मी नुकताच आठवडाभराचं योगशिबिर करून आलेलो, म्हणजे अंगात गुरूच संचारलेला. गल्लीतली दहावीची पोरं गोळा केली आणि कुणाच्या तरी तेराव्याच्या पंगतीतून परत निघालेली सतरंजी मांडववाल्याकडून फुकटात मागून गच्चीवर अंथरली. "गुडघ्यावर बसा, पुढं वाका, नाक खाली टेकवा, आता खोल श्वास!" "ओ काका, लय घाण वास यायलाय," पुतणी म्हणाली. "मन स्थिर नसलं की वास येतो," असं सुनावून मीच वाकलो आणि छातीभर श्वास ओढला. नासलेली कढी, खरकटं वरण, उंदराचं मूत, सगळं एकदम मेंदूत गेलं. शिवाय भाताचं एक गिळगिळीत ढेकूळ नाकाला चिकटलं. मी तिथंच ओकलो, तेही समोरच्या पोराच्या पायावर. पोरं किंचाळत जिन्यावरून पळाली. पुतणीनं मात्र माझी पाठ चोळली. "काका, खोल श्वास घ्या," म्हणाली आणि हसत सुटली. सकाळी ती न ओकता पेपरला गेली. मळमळायला लागलं की माझं तोंड आठवून हसू यायचं म्हणे. आता ती सगळ्यांना सांगते, काकांच्या योगामुळं माझी भीती गेली. कोणतं आसन, असं कुणी विचारलं, की मी घाईघाईनं विषय बदलतो.