कमलबाईच्या वाटणीचं जाळं

भालकीत स्टेशनच्या रस्त्याला कल्लप्पाची पिठाची गिरणी होती. लग्न होऊन राजेश्वर गावाहून आल्यापासून त्याची बायको सिद्धम्मा त्या गिरणीत बसायची. कुणाची ज्वारी, कुणाचे गहू, कुणाला बारीक पाहिजे, कुणाला भरड, सगळं तिच्या तोंडपाठ. कल्लप्पा गेला आणि मुलानं, श्रीशैलनं, गिरणी हातात घेऊन आईला घरी बसवलं. बसून बसून तिची साखर वाढली. डॉक्टरांनी रोज चालायला सांगितलं.

पण काम नसताना चालणं तिला पटेना. "कुठं जायलीस म्हणून कुणी इचारलं तर काय सांगू? उगंच चालायले म्हणू?" असं म्हणून ती दारातूनच परतायची.

तेव्हा तिच्या सुनेनं, दानेश्वरीनं, तिच्या फोनवर एक गेम घालून दिला. दानेश्वरी सासूला कन्नड वळणानं अत्ती म्हणायची. "अत्ती, हे बगा, फोन हातात धरून चालायचं. वाटंत असे जीव भेटत्यात. बोटानं जाळं फेकायचं आन् धरायचं." सिद्धम्मानं नाक मुरडलं. पण दुसऱ्या दिवशी मठापाशी तिच्या फोनवर तीन कानांचा ससा उभा राहिला, आणि तो जाळ्यात आला तेव्हा ती रस्त्यात एकटीच मोठ्यानं हसली.

मग शेजारची कमलबाई तिच्यासोबत यायला लागली. कमलबाईचं घर शेतकऱ्याचं, ऊस कारखान्याला जायचा. तिच्या दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू पिकला होता आणि तिच्याकडं तसला फोनही नव्हता. सिद्धम्मा एका हातानं तिचं मनगट धरायची आणि दुसऱ्या हातात फोन.

"काय दिसायलंय गं अक्का?"

"मांजरावानी हाय. शेपूट मातर मोराचं."

"मग तिचं नाव गंगूबाई. आमची जाऊ अशीच हाय, तोंड मांजराचं आन् थाट मोराचा."

गेममध्ये त्या जीवांना कंपनीनं दिलेली नावं होती, ती दोघींनी कधी वाचलीच नाहीत. सिद्धम्मा वर्णन करायची आणि कमलबाई नाव ठेवायची. फोन एकीचा होता, पण गेम दोघींचा झाला होता.

दिवाळीच्या सुमारास गेमवाल्यांनी सगळ्यांना एक सोनेरी जाळं दिलं. दानेश्वरीनं त्यावर काय लिहिलंय ते वाचून दाखवलं. साधं जाळं फाटतं, जीव पळून जातो. हे फाटत नाही. कुठलाही जीव यात सापडतोच. पण एकदाच वापरायचं. परत कधी मिळेल याचा नेम नाही.

तेव्हापासून दोघींच्या चालण्याला नवा विषय झाला. चांगला जीव दिसला की सिद्धम्मा थांबायची. "टाकू का सोनेरी?" कमलबाई विचारायची, "कसा हाय?" सिद्धम्मा सांगायची. मग दोघी रस्त्याच्या कडेला उभ्या राहून लग्नाचं स्थळ पाहावं तसा त्या जीवाचा विचार करायच्या, आणि शेवटी कमलबाई म्हणायची, "ऱ्हाऊ दे. ह्याच्यापेक्षा चांगला येईल."

आणि एकदा तो आला. उसाच्या फडाकडं जाणाऱ्या वाटेवर फोनमध्ये एक पांढरं शुभ्र वासरू उभं राहिलं, पाठीवर पंख. सिद्धम्मानं घाईत साधीच दोन जाळी टाकली. दोन्ही फाटली. वासरू उडून गेलं. कमलबाईला फोनवर नुसता पांढरा डाग हलल्यासारखा दिसला.

"पंख कसे होते?"

"दुधावरच्या सायीवानी."

कमलबाई म्हणाली, "तिचं नाव चांदणी. अक्का, माजं ऐक. पुढच्या म्हैन्यात माजा लेक हणमंतराव मला उदगीरला डोळ्याला न्यायलाय. डोळे नीट होऊन येते. मग चांदणी आली की सोनेरी जाळं टाकू. मला ती माज्या डोळ्यानं धरलेली बगायचीय. तवर जाळ्याला हात लावू नगंस."

"न्हाई लावत," सिद्धम्मा म्हणाली. "ते तुज्या वाटणीचं."

कमलबाई मुलासोबत उदगीरला गेली. त्याच आठवड्यात सिद्धम्माच्या थोरल्या बहिणीकडून, नागूबाईकडून, बीदरला तिच्या नातीच्या साखरपुड्याचं बोलावणं आलं. नागूबाईचं घर शिकलेलं, मुलं हैदराबादला. सिद्धम्मा तिथं गेली की नेहमी कोपऱ्यातल्या खुर्चीवर बसायची. पीठगिरणीच्या बाईशी काय बोलावं हे त्या लोकांना कळत नसे, आणि तिला त्यांच्याशी.

या वेळी मात्र बहिणीच्या मुलानं, लिंगराजनं, तिच्या हातातला फोन पाहिला. "मावशी, तू हा गेम खेळायलीस?" तो स्वतः खेळायचा. त्यानं सगळ्यांना हाक मारली. सुना आल्या, जावई आले, नवऱ्या मुलाकडचे पाव्हणे आले. "मावशीनं किती धरलेत बघा!" कुणी खुर्ची सरकवून तिच्याजवळ बसलं. कुणी चहा आणून दिला. साखरपुड्याच्या हॉलच्या अंगणात तिच्या फोनवर एक करडं पाखरू उतरलं आणि लिंगराज म्हणाला, "धर मावशी, बघू तुझा हात!"

आता तिच्याभोवती दहा-पंधरा माणसं वाकून उभी होती. साधं जाळं टाकलं आणि ते फाटलं तर? सगळे हसतील आणि आपापल्या जागी जातील. तिचं बोट साध्या जाळ्यावर गेलं, तिथंच थांबलं. तिला कमलबाईची आठवण झाली नाही असं नाही. झाली. स्पष्ट झाली. आणि तरी तिनं बोट सरकवलं.

पडदा सोन्यानं भरून गेला. पाखरू आत आलं. टाळ्या वाजल्या. लिंगराजनं फोटो काढला, मध्ये सिद्धम्मा, हातात फोन वर धरलेला. मग तो सहज म्हणाला, "पण मावशी, सोनेरी कामून घालवलीस? हे पाखरू बीदरात गल्लोगल्ली हाय. साध्यात आलं असतं की."

लोक जेवायला पांगले. जेवताना तिच्या शेजारी कुणी बसलं नाही.

परतीच्या बसमध्ये ती खिडकीशी बसली होती. तिनं करडं पाखरू उघडून पाहिलं. त्याचं काय वर्णन करावं हेही तिला सुचेना. एवढ्याशा कौतुकासाठी आपण दुसऱ्याची ठेव उचलून दिली, हे तिला भालकी येईपर्यंतसुद्धा मनाशी म्हणवेना. ‘गेमच तर हाय,’ ती मनात म्हणत राहिली. आणि फोन तिनं पिशवीच्या तळाशी सारला.

कमलबाई आली. काही दिवसांनी काळा चष्मा घालून चालायला निघाली. आता मनगट धरायची गरज नव्हती. ती रस्त्यातली प्रत्येक वस्तू बघून हरखत होती. "अक्का, तुज्या कपाळाला येवढ्या आठ्या कवा पडल्या गं?" सिद्धम्माला हसू आलं नाही. आजच सांगावं, असं ती घरून ठरवून निघाली होती. मठ गेला, स्टेशन गेलं, तिनं सांगितलं नाही.

आणि फडाच्या वाटेवर चांदणी उभी राहिली.

कमलबाईनं चष्मा काढला. फोन दोन्ही हातांत धरून डोळ्यांजवळ नेला. "अगं बया! अगं, किती देखणी हाय गं! अक्का, टाक. टाक सोनेरी!"

सिद्धम्मा फोनकडं वाकली. "थांब, साधं टाकून बगू."

"साधं कामून? सोनेरी टाक की. जाईल ती!"

"सोनेरी न्हाई," सिद्धम्मा म्हणाली. कमलबाई तिच्या तोंडाकडं बघत होती. ते धुवून काढलेले, स्वच्छ डोळे तिला सोसवेनात, आणि तोंडातून भलतंच निघून गेलं. "दानेश्वरीनं फोन घेतला होता. तिच्या हातून गेलं."

पडद्यावर वासरानं पंख पसरले. कमलबाई ते उडून जाईपर्यंत बघत राहिली. मग फोन परत देत म्हणाली, "जाऊ दे. लेकराच्या हातून व्हतंय."

गोष्ट तिथंच मिटली असती. पण परतताना कमलबाई पाणी प्यायला घरात आली आणि दानेश्वरीला चेष्टेत म्हणाली, "काय गं पोरी, माजं सोनेरी जाळं घालवलीस म्हणं?"

दानेश्वरी तांब्या हातात घेऊन उभी होती. तिनं सासूकडं पाहिलं. सिद्धम्मा खाली फरशीकडं बघत होती.

"व्हय काकू," दानेश्वरी म्हणाली. "चुकून गेलं माज्या हातून."

तेवढ्यात श्रीशैल गिरणीतून जेवायला आला. त्यानं ऐकलं. "म्हाताऱ्या माणसाचा येवढाच तर विरंगुळा हाय. तिच्या फोनला हात कामून लावलीस?" तो बाहेरच्या माणसासमोर बायकोला बोलला. दानेश्वरीनं त्याचं ताट वाढलं. सिद्धम्मानं हातपाय धुतले, जागेवर बसली आणि सुनेनं वाढलेली भाकरी खाल्ली. भाकरी घशाखाली उतरली, याचीच तिला पुढं कितीतरी दिवस लाज वाटत राहिली.

दुसऱ्या दिवशी श्रीशैल गेल्यावर ती स्वयंपाकघराच्या दारात जाऊन उभी राहिली. दानेश्वरी मेथी निवडत होती.

"तू व्हय कामून म्हणलीस?"

दानेश्वरीनं मान वर केली नाही. "लिंगराजभावजींनी घरच्या ग्रुपवर फोटो टाकला होता, अत्ती. सोनेरी जाळ्यासकट. ह्यांचं ध्यान गेलं न्हाई, पर मला तवाच कळलं होतं."

"मग?"

"तुमचं तोंड बगवंना झालतं."

तिच्या आवाजात राग नव्हता. राग असता तर सिद्धम्माला भांडता आलं असतं, निदान रडता तरी आलं असतं. ती तशीच मागं फिरली, चपला घातल्या आणि कमलबाईच्या घरी गेली. कमलबाई ओट्यावर शेंगा फोडत होती. सिद्धम्मा बसली नाही. उभ्यानंच सांगितलं. साखरपुडा, पाव्हणे, टाळ्या, करडं पाखरू. "सुनेनं न्हाई. मीच टाकले. तुजी आठवण आली होती, तरी टाकले."

कमलबाईचे हात थांबले. "जाळ्याचं मला काय न्हाई," ती म्हणाली. "फोन तुजा, जाळंबी तुजंच. पर पट्टी निघाल्यावर गल्लीतलं पयलं तोंड मी नीट बगितले ते तुजं. आन् त्याच तोंडानं तू खोटं बोललीस. त्या पोरीला मी तिच्या नवऱ्यादेखत बोलले, ते आता कुठं नेऊन ठेवू?"

कमलबाई पुन्हा शेंगा फोडायला लागली.

"जा तू आता," कमलबाई म्हणाली.

पुढं कमलबाई एकदा एकटी येऊन दानेश्वरीला भेटून गेली. सिद्धम्मा तेव्हा आतल्या खोलीत होती. बाहेर आली नाही. चालायला जाणं तिनं सोडलं नाही, डॉक्टरांना भ्यावं लागायचं. पण गेम उघडला नाही. आणि श्रीशैलला सांगणं मात्र तिच्यानं होईना. परक्या बाईला सांगितलं, पोटच्या पोराला सांगता येईना. रोज जेवताना तोंड उघडायची आणि मीठ मागायची.

उन्हाळ्यात बसवजयंतीला नागूबाई मुलासुनांसह भालकीला आली. घर भरलं. श्रीशैलनं हसत हसत विषय काढला. "मावशी, आमच्या घरातलं भांडण ऐकलीस का? हिनं आईचं गेममधलं सोनेरी जाळं घालवलं, म्हणून शेजारची कमलबाई गाऱ्हाणं घेऊन आलती!"

लिंगराजनं कपाळाला आठी घातली. "कुठलं सोनेरी? ते तर बीदरला..." तो मध्येच थांबला आणि मावशीकडं बघायला लागला. नागूबाईच्या सुनाही बघायला लागल्या. ज्यांच्यासमोर मोठं व्हायला तिनं ते जाळं फेकलं होतं, तीच ही माणसं. दानेश्वरी पाणी आणायच्या निमित्तानं उठली.

"बस तू," सिद्धम्मा म्हणाली. "श्रीशैल, ते जाळं हिनं घालवलं न्हाई. बीदरला समद्यांच्या म्होरं मी घालवले. मिरवायला. आन् घरी येऊन हिच्या नावावर घातले. तू हिला बोललास तवा मी जेवायले होते."

कुणीतरी हसलं. "येवढ्याशा गेमसाठी काय गं सिद्धू," नागूबाई म्हणाली. बाकीचेही सुटल्यासारखे हसले. तिला शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं.

श्रीशैल हसला नाही. तो दानेश्वरीला घेऊन आत गेला. बराच वेळ आतून त्याचा हळू आवाज येत राहिला, आणि दानेश्वरीचा एकदाही नाही.

कमलबाई पावसाळ्याआधी परत बोलायला लागली. दोघी आता सोबत चालतात. उसाचं बोलतात, भावाबहिणींचं बोलतात. फोन सिद्धम्मा घरी ठेवून येते. सून चहाचा कप पुढं करते तेव्हा सिद्धम्मा आजही तो घेताना कपाकडंच बघते.