आस्ताबाईनं वाचलेला निरोप

भूतबित, अंगात येणं, असल्यावर मी कधी इस्वास ठेवला न्हाय. शेळगावात कुणी तसलं सांगायला बसलं की मी उठून जायचो. चौथी शिकलेला मानूस, लिव्हायची सवय न्हाय. पुतणी सुषमा म्हणाली, तात्या, घडलं तसं लिहा. म्हणून लिव्हतोय. पटलं न्हाय तर सोडून द्या.

आस्ताबाई आइसलँड देशाची. तिकडं टीव्हीवर बातम्या सांगायची, निम्मी हयात त्यातच गेली. मग नोकरी सोडून पुस्तकं लिव्हायला लागली... जगात कोण कुठं मेंढरं राखतं, कसं जगतं, असली. त्यापायी ती शेळगावात आली. तवा आमच्याकडं मेंढरं हुती. सुषमा बारामतीच्या कालेजात इंग्रजी शिकवती, तीच दुभाषी. बाई आमच्याच घरी ऱ्हायली, कळपामागं शूटिंग करत चालली, हिराच्या हातची भाकरी खाल्ली. हिरा म्हंजी माझी बायको.

एकदा चुलीपुढं हिरानं इचारलं, तुजं मालक कुठं असत्यात? बाई म्हणाली, मासेमारीच्या बोटीवर हुते, बोट बुडाली. त्या सांजच्या बातम्या तिच्याच वाट्याला आल्या. बुडालेल्यांची नावं तिनंच वाचली, नवऱ्याचं बी.

"आन् आवाज हालला न्हाय व्हय गं तुजा?"

सुषमानं उत्तर सांगितलं, "ती म्हणते, घरोघरी लोक कान लावून बसले होते. त्यांना नावं नीट ऐकू जायला हवी होती. रडले ते स्टुडिओतले दिवे बंद झाल्यावर."

 हिरानं तिच्या ताटात आणखी एक भाकरी टाकली.

बाई गेली. पुढं मेंढरं इकली, दोन शेरडं ऱ्हायली. दिवाळीला सुषमाच्या मोबाइलवर बाईचा फोटू यायचा, दर साली जरा म्हातारी झालेली.

यंदा उन्हाळ्यात हिराला धाप लागली. बारामतीला न्यायला रिक्षा दारात आली आन् तवाच शेळी याली. हिराला धरून रिक्षात बसवत हुतो, तर ही पिल्लाकडं बघून हासली. माझ्या कानाशी म्हणाली, "हिचं नाव रिक्षी."

तेच शेवटचं ऐकलं मी. दवाखान्यात तोंडावर मास्क. माझा हात धरून कायतरी सांगत हुती. व्हट हालत हुते, आवाज न्हाय. मी कान लावला, कायबी कळंना. सिस्टरनी भाईर बसवलं. परत आत बोलावलं ते सगळं संपल्यावर.

काय सांगत हुती ती? डोक्यात दुसरं कायच येईना. घास उतरंना. लोक म्हणायचे, तात्या, इसरा. इसरा म्हणं! तुमची बायको गेली का?

दहाव्याच्या आदल्या दिवशी सुषमा मोबाइल घेऊन आली, त्वांड उतरलेलं. आस्ताबाईनं आवाज भरून पाठवला हुता. आमी तिला अजून कळवलंच न्हवतं. इंग्रजीत ती म्हणत हुती, लिव्हत बसले हुते, मागून हिरा बोलली. कळलं काय न्हाय, पण जुन्या सवयीनं ऐकलं तसं उतरवून घेतलं. तसंच वाचते. हिरा बरी हाय ना?

मग मराठी. उच्चार वाकडे, पण सावकाश, शब्द न् शब्द सुटा, बातमी द्यावी तसा —

"रिक्षीला सावलीत बांधा. आन् तुमी जेवून घ्या."

सुषमानं इचारलं, "तात्या, रिक्षी कोण?"

ते नाव मी कुणालाच सांगितलं न्हवतं. तोंडातनं निघतच न्हवतं. जुन्या शूटिंगमधलं असंल म्हणावं, तर रिक्षी तवा जल्मली कुठं हुती?

सुषमानं बाईला फोन लावला, हिरा गेल्याचं सांगितलं.  बाईनं एवढंच इचारलं — त्यांना नीट ऐकू गेलं का?

मी म्हणलं, सांग तिला, व्हय, गेलं.

हे कसं झालं, मला ठावं न्हाय. कुणाला ठावं असंल तर सांगा, न्हायतर ऱ्हाऊ द्या. ऊन चढलंय. रिक्षीला सावलीत बांधून आलोय... आता जेवायला बसतो.