एका भूमिकेला दोन माणसं

नबील गेल्याचं अ‍ॅग्नेसने फोन करून कळवलं, त्याला महिना झाला. ती वसईची, दुबईत हॉटेलच्या रिसेप्शनवर असायची. नबीलच्या नाटकात आम्ही दोघं होतो. मी 'अरेरे' म्हणालो आणि विचारायचं ते न विचारताच फोन ठेवला...

नबील बैरूतचा. तिथे त्याने दोन सिनेमे केले, युद्धाच्या दिवसांत नाटकं बसवली. दुबईत मात्र टॉवरच्या जाहिराती! न बांधलेल्या बाल्कनीत हसणारं कुटुंब दाखवायचं. तिथल्या अल बर्शा भागात तो आमचा शेजारी होता. २००८च्या अखेरीस मंदीत टॉवर थांबले, त्याचं कामही थांबलं. दुसरा कोणी हातपाय गाळून बसला असता. या बाबाने घरातला सोफा भिंतीला सारला आणि नाटक काढलं: अर्धवट टॉवरमध्ये अडकलेली चार माणसं. हिंदी-इंग्रजी, जमेल तसं.

नियम एकच. प्रत्येकाने आपली भूमिका आणखी एकाला शिकवायची. बैरूतमध्ये कोणता नट कधी अडकून पडेल याचा नेम नसायचा, तिथली ही सवय. दुबईत तेव्हा रोज कोणाचा तरी व्हिसा कॅन्सल होत होता. पण मी पुण्यातल्या स्पर्धांत बक्षिसं मिळवलेला नट, माझं काम दुसऱ्याच्या तोंडी कशाला? "माझी नोकरी पक्की आहे," मी ऐटीत सांगितलं.

"इन्शाल्ला," एवढंच म्हणून नबील पुढच्या प्रवेशाकडे वळला.

प्रयोगाला आठ दिवस उरले असताना मला नोकरीवरून काढल्याचं पत्र मिळालं. देश सोडायला महिन्याची मुदत होती, थांबता आलं असतं. पण नबीलला तोंड कसं दाखवणार? दोन दिवसांत विमान पकडलं आणि विमानतळावरून 'सॉरी' एवढाच मेसेज केला. नंतर त्याचे कितीतरी फोन आले. शिव्याच घालणार, म्हणून मी एकही उचलला नाही. प्रयोग माझ्यामुळे बुडाला, असं इतकी वर्षं धरून चाललो. पुन्हा नाटकात उभा राहिलो नाही.

परवा न राहवून अ‍ॅग्नेसला विचारलंच.

"बुडाला? कोण म्हणालं तुला? मस्त झाला की प्रयोग! तुझं काम नबीलनेच केलं. त्याचं हिंदी ऐकून पब्लिक नुसतं लोळत होतं."

"सहा दिवसांत पाठ केलं?"

"सहा दिवस कसले, मिलिंद! तू शिकवणार नाही म्हणालास ना, त्या दिवसापासून लिफ्टमध्ये तुझे डायलॉग घोकायचा. तुला वाईट वाटेल म्हणून आम्हाला दम दिला होता, सांगू नका."

"मग मला फोन कशाला करत होता?"

"अरे, दुसऱ्या अंकातलं तुझं एक वाक्य त्याला जमत नव्हतं. तुझ्याकडून ऐकायचं होतं."

कोणतं वाक्य, ते अ‍ॅग्नेसला आठवत नाही. बायको म्हणते, आता बसा जरा. बसवत नाही. घरभर फेऱ्या घालत मी दुसऱ्या अंकातली माझी सगळी वाक्यं मोठ्याने म्हणतोय... एकेक, सावकाश, त्याला नीट ऐकू जाईल अशी.