कोऱ्या जागेखालची रेघ

भूत, भानामती... मी यातलं काहीच मानत नाही. सव्वीस वर्षं हायस्कूलात विज्ञान शिकवलंय. ज्यांना हसायचंय त्यांनी आत्ताच हसून घ्यावं.

आमचं गाव हळ्ळीखेडपासून दोन कोसांवर. ऐंशीच्या आसपासची गोष्ट. येळवसीच्या, म्हणजे वेळा अमावस्येच्या, दुसऱ्या दिवशी गायरानातल्या ओढ्याचं पाणी पिऊन माझ्या विधवा अक्काच्या दोन म्हशी मेल्या. तिचं घर दुधावरच चालायचं. ओढ्याच्या वरच्या अंगाला रसायनांचा कारखाना होता, त्याच्याविरुद्ध मी अर्ज केला. महिन्याभराने तपासणीला सरकारी साहेब आले, पाणी तपासलं, स्वच्छ निघालं. वर मलाच दम – पुन्हा खोटा अर्ज केलात तर नोकरी जाईल.

त्याच उन्हाळ्यात गुलबर्ग्याच्या रद्दीवाल्याकडून एक इंग्रजी डिटेक्टिव्ह कादंबरी आणली. नदीसाठी कारखान्याशी भांडणाऱ्या बाईचा इंग्लंडात खून होतो. तपास करणारा म्हातारा इन्स्पेक्टर एका ठिकाणी विचारतो, ‘नदीकडे कुणाचंच लक्ष नसतं, असा दिवस कोणता?’ मी त्याखाली पेन्सिलीने रेघ मारली... आणि ताडकन उठून बसलो. येळवस! त्या दिवशी अख्खं गाव भज्जी-आंबील घेऊन शेतात जातं, गुरंसुद्धा. गायरानात चिटपाखरू नसतं. कारखाना घाण पाणी त्याच दिवशी सोडत असणार!

पुढच्या येळवसीला मी एकटा मागे थांबलो. अक्का चिडली. “कामून राहायलास घरी? शेतातल्या लक्ष्मीला पाठ दाखवायलास व्हय?”

तुझ्या म्हशींसाठी, म्हटल्यावर तिने माझ्यापुरती भज्जी-आंबील झाकून ठेवली.

पोस्टमास्तर परगावचे, त्यांना शेत नव्हतं. त्यांना साक्षीला घेऊन भर दुपारी ओढ्यावर बसलो. तासाभरात काळं, फेसाळ पाणी आलं. बाटल्या भरून लाखेने बंद केल्या, दोघांनी सह्या केल्या.

बाटल्यांसकट मी पुन्हा अर्ज केला. चौकशीत कारखान्याच्या वकिलांनी विचारलं, नेमका हाच दिवस तुम्हाला कुणी सांगितला? मी पुस्तक काढून पान उघडलं... वाक्यच नव्हतं! प्रकरण अर्ध्या पानात संपलेलं, पुढे कोरी जागा, आणि त्या कोऱ्या जागेखाली माझी रेघ. वकील हसून म्हणाले, मास्तर, भुताची साक्ष काढता काय?

मला राग आला. म्हटलं, “पाणी बाटलीत आहे साहेब. आधी पिऊन दाखवा, मग हसा.”

बाटलीला कुणी हात लावला नाही. पुढे तपासणीत विष निघालं आणि कारखान्याचा ओढ्यात सोडलेला पाइप बंद झाला.

नंतर ती कादंबरी मी तीनदा वाचली. इन्स्पेक्टर असं कुठेच विचारत नाही. मग मी काय वाचलं? मला आजही सांगता येत नाही, आणि त्याची लाजही वाटत नाही. पुस्तक कपाटात आहे. खात्री करायची असेल त्याने खुशाल घरी यावं, रेघ बघावी. अक्काच्या नव्या म्हशीच्या दुधाचा चहा मिळेल. म्हैस त्याच ओढ्यावर पाणी पिते.