अकरा गटांचा गोलकीपर

माझा मुलगा राधाकृष्ण चौतीस वर्षांचा आहे, आणि त्याच्या गुडघ्याची काळजी अजून मलाच करावी लागते.

दहा वर्षं तो मुंबईत एका गिरणीच्या संघातून फुटबॉल खेळला. हजेरीपटावर कारकून, पण पगार खेळण्याचाच. मी पुण्याला राहून बी. ए. झाले, शाळेत शिकवलं. मुलगा चेंडू लाथाडून पोट भरतो हे नातेवाइकांना सांगताना माझी जीभ अडखळायची. मग तीन वर्षांपूर्वी त्याचा उजवा गुडघा गेला. डॉक्टरांनी बजावलं, पुन्हा खेळलात तर पाय कायमचा ताठ होईल. तो पुणतांब्याला घरी आला तेव्हा, खोटं कशाला बोलू, मला बरंच वाटलं.

पण आमच्या साखर कारखान्याच्या संचालकांना फुटबॉलचा संघ काढायची हौस आली आणि त्यांनी याला संघाचा सेक्रेटरी केला. बूट आणायचे, सामने ठरवायचे, खेळाडूंची यादी करायची. कामं बसून करायची आहेत म्हणून मीच म्हणाले, हो म्हण. माझंच चुकलं.

कारखान्यात सगळं गटांवर चालतं. सभासदांच्या गावांचे अकरा गट, दर गटाचा एक संचालक. पहिल्याच बैठकीत कुणीतरी म्हणालं, गट अकरा, फुटबॉलातली माणसंही अकरा. दर गटाचा एक घ्या म्हणजे तक्रार नको. सगळ्यांना ते पटलं. आणि दहा वर्षं मुंबईत खेळलेला माझा मुलगा तिथे मान डोलावून आला!

"आधी संघ उभा तर राहू दे, आई," म्हणाला.

संघ उभा राहिला, नुसता उभाच. एका गटात चांगले तिघे, दुसऱ्यात एकही नाही. आमच्या पुणतांबे गटाचा म्हणून कानिफनाथ गोलकीपर झाला. आमच्या गटाचे संचालक आबासाहेब, त्यांचा हा पुतण्या. चेंडू आला की पाहुण्याला वाट द्यावी तसा बाजूला व्हायचा. गेल्या वर्षी नगरच्या स्पर्धेत संघानं सात गोल खाल्ले. यंदा पुन्हा तसंच झालं तर संघ बंद, असं संचालक मंडळानं सांगून टाकलं.

स्पर्धा आठवड्यावर आली असताना याच्या टेबलावर यादी दिसली. गोलकीपरच्या पुढे नाव लिहिलं होतं राधाकृष्ण.

"तू सेक्रेटरी आहेस की गोलकीपर?"

"गोलकीपरला पळावं लागत नाही, आई."

"पडावं लागतं ना!"

हळूच म्हणाला, "कानिफनाथला काढलं तर आपल्या गटाचा माणूस राहत नाही. गटात दुसरं कोण खेळतं? मीच."

"आणि गटाबाहेर?"

तेव्हा त्यानं श्रीमंतचं नाव काढलं. हा पाथर्डीकडून ऊसतोडीला आलेला गडी. खालून उसाची मोळी फेकली की बैलगाडीवर उभा राहून झेलतो. राधाकृष्णनं गंमत म्हणून त्याच्याकडे चेंडू फेकला, तर एका हातात धरला आणि विचारलं, "आन् हे कुटं रचायचं?"

"मग त्याला घे!"

"तो सभासद नाही, कुठल्या गटाचा नाही. मंडळाला कोण सांगणार?"

दहा जणांना अंगावर घेत खेळणारा हा माणूस, खुर्चीवर बसलेल्यांपुढे त्याची दातखीळ बसते. रागानं माझं डोकं फिरलं. चपला घातल्या आणि आबासाहेबांकडे गेले.

आबासाहेबांनी श्रीमंतचं सगळं ऐकून घेतलं. "वहिनी, तुमचं खरं हाय. पन एका गटाचं मोडलं की उद्या धा जन भांडाया येतील."

"यंदा कारखान्याला ऊस पुरतोय?"

"कुटला पुरतोय! पावसानं दगा दिला. नेवाशाकडनं आनतोय."

"तो कोणत्या गटाचा?"

"गटाचा कसा आसंल? भायेरचा त्यो, गेटकेन."

"म्हणजे घरचा कमी पडला की बाहेरचा चालतो. गोलकीपर कमी पडला तर का चालत नाही?"

आबासाहेबांनी मांडीवर थाप मारून बायकोला हाक मारली, "रंगू, चहा टाक! त्या गड्याला घेऊ, मंडळाचं मी बगतो. आन् म्होरल्या मीटिंगला माझ्या जागी वहिनींना धाडू."

कानिफनाथ दारातच उभा होता. म्हटलं आता हा रुसणार. तर माझ्या मागोमाग रस्त्यापर्यंत आला. "काकू, लई उपकार झाले. मला त्या बॉलचं भ्याच वाटतं. चुलत्यापुढं बोलता येत न्हाई." त्याला मैदानावर पाण्याची बादली सांभाळायचं काम मिळालं, त्यावर तो खूश.

काल नगरला सामना झाला. मी गेले नाही, माझ्यानं बघवलं नसतं. संध्याकाळी कानिफनाथच राधाकृष्णला धरून घेऊन आला. छावणीतल्या लष्करी संघाशी एक-एक अशी बरोबरी झाली. शेवटी शेवटी पेनल्टी मिळाली त्यांना, ती श्रीमंतनं मोळीसारखी पोटाशी धरली. संघ टिकला. आणि आमचे सेक्रेटरी आनंदानं उडी मारून उठले आणि समोरच्या बादलीला लाथ घातली. उजव्या पायानं.

"भरलेली होती ती, काकू," कानिफनाथ म्हणाला. "मी तरी काय करू? वरडलो बी."

गुडघा भोपळ्यासारखा सुजलाय. वैद्य आले, हाड शाबूत आहे म्हणाले, महिनाभर पाय हलवायचा नाही.

"भरलेली बादली दिसली नाही तुला?"

"दिसली असती तर डाव्यानं मारली असती."

मीठ-हळदीचा लेप लावला, उशीवर पाय ठेवला. तर पडल्या पडल्या म्हणतो, हंगाम संपला की श्रीमंत गावी जाईल. त्याला कारखान्यात कायम घ्यावं असा अर्ज लिहायचा आहे, आणि तू बी. ए. आहेस. खाली सहीही तूच कर, सभासद म्हणून. घरची जमीन माझ्या नावावर, म्हणून कारखान्याची सभासद मी, हे त्याला बरोबर आठवतं.

तो झोपला, गुडघा वर करून. अर्जाचा कागद समोर घेतला आणि आधी हेच सगळं लिहून काढलं, नाहीतर अर्जात उतरलं असतं. आता अर्ज लिहिते. श्रीमंत गेला, तर पुढच्या वर्षी त्या यादीत कुणाचं नाव येईल हे मला पक्कं ठाऊक आहे.