वटावनानांचं पाच वर्षांचं शहर

डॉक्टरांनी दोन इंजेक्शनं घ्यावी लागतील म्हटल्यावर वटावनानांनी बाही वर करता करता विचारलं होतं, "दोन्ही आजच लिधात तं वटाव कितला?" डॉक्टर गुजराती होते, त्यांना वटाव चांगलाच ठाऊक होता. त्यांनी सुई जरा जोरात टोचली म्हणतात. मी तिथे नव्हतो, पण नाना हा किस्सा स्वतःच रंगवून सांगायचे आणि शेवटी दंड चोळत म्हणायचे, "पन पाच रुपया सोडात त्यानी!"

वटाव म्हणजे रोख पैसे मोजणाऱ्याला बिलात मिळणारी सूट. सुरतच्या रिंग रोडवरच्या कापड मार्केटात त्याशिवाय पान हलत नाही. नाना तिथे साडीचे दलाल होते. धुळ्याकडून येऊन सुरतच्याच उधना भागात स्थिरावले आणि मार्केटचा हा नियम त्यांनी साऱ्या जगाला लावून टाकला. न्हावी, रिक्षावाला, सत्यनारायण सांगणारे गुरुजी, कुणी सुटलं नाही. मी तर त्यांच्या हातातलाच. नव्वदच्या दशकाच्या शेवटी शेवटी उधना दरवाज्याजवळ माझं छोटं दुकान होतं. कॉम्प्युटरची दुरुस्ती आणि कॉम्प्युटरवरच्या खेळांच्या सीडी. मी जळगावकडचा, म्हणजे खानदेशी, म्हणजे घरचाच माणूस. घरच्या माणसाकडून पूर्ण भावात वस्तू घेणं नानांना अपमानास्पद वाटायचं. माझा नव्हे, त्यांचा अपमान.

नानांकडे कॉम्प्युटर कसा आला, ही पण एक कथाच. एक ऑफिस बुडालं होतं. नाना दोन महिने रोज त्या मालकाकडे जाऊन बसत. बिचाऱ्याचं दुःख ऐकून घेत, वर चहाही पीत. शेवटी मालक इतका वैतागला की कॉम्प्युटर मातीमोल भावात देऊन टाकला आणि की-बोर्ड फुकट दिला. नाना म्हणायचे, "बुडनारा मानूसले धीर देवा. धीर देता देता भाव उतरस." मी हे ऐकलं त्या दिवसापासून त्यांच्यासमोर दुकानाच्या अडचणी बोलायच्या बंद केल्या.

मग खेळ आले. मी मुंबईहून अस्सल डबाबंद खेळ मागवायचो. एकेक हजाराच्या घरात जायचा. नानांनी विमान उडवायचा एक खेळ उचलला आणि म्हणाले, "जांगड लई जास." आमच्या मार्केटात जांगड म्हणजे माल विश्वासावर न्यायचा, गिऱ्हाइकाला दाखवायचा, खपला तर पैसे, नाही तर माल परत. साडीला ते ठीक आहे. नानांच्या घरी आठवडाभर विमानं उडली, उतरली, कोसळली. आठव्या दिवशी डबा परत, "पसंत नही पडना" म्हणून. मी डबा हातात घेतला आणि बघतच राहिलो. वरचं प्लास्टिक कंपनीच्यापेक्षा घट्ट आणि चकचकीत बसलं होतं. साड्या पॅक करणाऱ्या कारागिराकडून ते नवीन चढवून घेतलं होतं, नानांनी अभिमानाने सांगितलं. त्या दिवसापासून माझ्या दुकानात जांगड बंद झाली.

नाना डगमगले नाहीत. मार्केटात तुकडे आणि डागी माल लॉटमध्ये, किलोवर मिळतो. तसाच त्यांनी भंगारबाजारातून सीडींचा एक गठ्ठा वजनावर आणला. त्यांच्या घरी जाऊन मीच एकेक लावून पाहिली. सगळ्या दोन सीडींच्या खेळांतल्या दुसऱ्या सीडी! पहिली घातल्याशिवाय यातला एकही खेळ सुरू होणार नव्हता. मी तसं सांगितल्यावर नाना म्हणाले, "ब्लाऊजपीस नही ऱ्हायना तरी साडी इकाई जास." मी म्हटलं, "नाना, तुम्ही नुसते ब्लाऊजपीसच आणलेत." त्यावर घरातून खळखळून हसू आलं. ती वैशू, त्यांची एकुलती एक मुलगी.

फुटपाथवर नकली सीडी पन्नास रुपयांत मिळायच्या. नाना त्या का घेत नव्हते, असं कुणालाही वाटेल. एकदा घेतली होती. तिच्यातून व्हायरस आला, कॉम्प्युटर आडवा झाला आणि माझं दुरुस्तीचं बिल झालं तीनशे. तेव्हापासून नाना नकली मालाविरुद्ध व्याख्यानं द्यायचे. त्यांचं चारित्र्य असं अगदी स्वस्तात घडलं.

राहता राहिले नमुने. कॉम्प्युटरच्या मासिकांबरोबर फुकट सीडी यायची, तिच्यात खेळांचे छोटे नमुने असत. नाना जुनी मासिकं रद्दीवाल्याकडून उचलायचे, तीही घासाघीस करून. त्यामुळे वैशूने खेळला नाही असा खेळ नव्हता आणि शेवटपर्यंत खेळली असा एकही नव्हता. पोर विलक्षण हुशार. त्यातला शहर वसवायचा खेळ तिच्या मनात भरला होता. नदीकाठची मोकळी जमीन मिळायची. तिच्यावर रस्ते आखायचे, नळ टाकायचे, बाजार बसवायचा. शहर पाच वर्षांचं झालं की पडदा थांबायचा आणि पूर्ण खेळ विकत घ्या म्हणून पाटी यायची. वैशू पुन्हा पहिल्यापासून शहर वसवायची. तिचं ते पाच वर्षांचं शहर मी अनेकदा पाहिलंय. सुरत महापालिकेने येऊन शिकावं इतकं नेटकं असायचं.

पूर्ण खेळ माझ्या कपाटात होता. ती नानांबरोबर आली की डबा काढायची, उलटा करून मागची चित्रं बघायची आणि होता तिथे ठेवून द्यायची. तोंडाने कधी मागितला नाही. नाना मला समजवायचे, "दिवाईले साडी चारशेनी, होयीले तीच दोनशेनी. थांबनारा जिकस." बारावीनंतर तिला स्थळं यायला लागली होती. मला राहवेना. मी म्हटलं, "नाना, खरेदी भावात देतो, घेऊन जा." नानांचे डोळे चमकले. "खरेदी भावमा देवाले तयार व्हयना, म्हणजे माल खपत नही, पडेल शे. आजून उतरी." मला त्या दिवशी त्यांचा संताप आला. साडी थांबते, मुलगी थांबत नाही, हे दलाली करून केस पिकवलेल्या माणसाला कळू नये?

माघात वैशूचं लग्न झालं. लग्नात बँडवाला एक माणूस कमी घेऊन आला होता, कारण नानांनी तेवढे पैसे कापले होते. जावई सुरतजवळच्या पलसाण्याला एका डाइंग मिलमध्ये सुपरवायझर, घरी कॉम्प्युटर असलेला. शांत, फारसा न बोलणारा मुलगा. पंधरा दिवसांनी तो एकटाच माझ्या दुकानात आला आणि त्याने शहर वसवायचा खेळ मागितला. मी किंमत सांगितली. सवयीने म्हणालो, "तुम्हाला काहीतरी कमी करतो." तोवर त्याने नोटा मोजून काउंटरवर ठेवल्याही होत्या. "ती म्हणते, पाच वर्षांच्या पुढं काय होतं ते तिला बघायचंय," तो म्हणाला. जाताना दारातून वळला. "नानांना सांगू नका. ते तिच्यासाठीच भाव उतरायची वाट बघत होते. त्यांना लागेल."

आणि चैत्रात भाव खरोखरच उतरला! मुंबईच्या वितरकाने त्या खेळाची किंमत थेट निम्मी केली. नाना दुकानात आले ते पेढे वाटायला आल्यासारखे. पेढे अर्थातच नव्हते. "मी बोलनू व्हतू ना?" निम्म्या किमतीवर त्यांनी वर वटावही कापला. मी म्हणून पाहिलं, "आता कशाला घेता? वैशू तर सासरी गेली." तर म्हणाले, "आखाजीले येई ना ती!"

आमच्याकडे आखाजीला, म्हणजे अक्षय्यतृतीयेला, लेकी माहेरी येतात. झोके बांधतात, आमरस असतो, सांजोऱ्या असतात. सणाच्या दिवशी नानांनी मला खेळ बसवून द्यायला बोलावलं. डबा बघून वैशू म्हणाली, "नाना, खरंच आणला!" आणि इतकी खूश झाली की मीसुद्धा क्षणभर फसलो. ती खेळायला बसली. रस्ता वाकडा काढला, पुसला, मला विचारलं, "दादा, नळ कुठून टाकायचे हो?" नाना शेजारणींना सांगत होते की हा खेळ बाकीचे लोक वेडे होऊन दुप्पट भावात घेऊन बसलेत.

शहर सहाव्या वर्षात गेलं. या वर्षी त्या खेळात नदीला पूर येतो आणि खालचा बाजार वाहून जातो. पहिल्यांदा खेळणाऱ्याचा बाजार बुडतोच, माझाही बुडाला होता. वैशू आईशी सासरच्या पापडांविषयी बोलत होती आणि बोलता बोलता तिने नदीच्या कडेने बांध घालून टाकला. मग पाणी आलं, बांधाला लागलं आणि ओसरलं. कुणाच्या लक्षात काही आलं नाही. नानांचा सांजोरी धरलेला हात मात्र तसाच राहिला. या मुलीला शहर वसवताना त्यांनी वर्षानुवर्षं मागे उभं राहून पाहिलं होतं; नदीला बांध तिने कधीच घातला नव्हता.

"पानी येई हाई तुले कसं कळनं?" त्यांनी विचारलं.

वैशूने मान वळवली नाही. "सुरतची पोर आहे मी, नाना. नदी दिसली की आधी बांध."

सगळे हसले. नानाही हसले, पण जरा उशिरा.

दोन दिवसांनी ते दुकानात आले आणि स्टुलावर बसले. काही उचललं नाही, कशाचा भाव विचारला नाही. मग एकदम म्हणाले, "जावाईनी आधीच लिधा ना?"

आता खोटं बोलण्यात अर्थ नव्हता. मी हो म्हटलं.

"कितलाले?"

"पूर्ण भावात."

"वटाव?"

"मागितलाच नाही, नाना. मी कमी करतो म्हणालो, तर त्याने तोवर पैसे काढून ठेवले होते."

पूर्ण भाव देणाऱ्या माणसाला नाना काय काय म्हणतात, ते मी इतक्या वर्षांत पुष्कळ ऐकलं होतं. आता जावयाचा उद्धार होणार म्हणून मी कपाटाकडे तोंड करून उभा राहिलो. शेवटी वळून पाहिलं. नाना रस्त्याकडे बघत बसले होते, डोळे भरलेले.

"पोर चांगला घरमा पडनी, भाऊ," ते म्हणाले.